खुर्ची घ्या, पण तिला तारीख असू द्या

पत्र:

मी मूळची सांगलीची. एबेल्टॉफ्टच्या युरोपियन फिल्म कॉलेजात शिकायला म्हणून डेन्मार्कला आले आणि इथलीच झाले. माहितीपट करते. दोन पूर्ण झाले, महोत्सवांत फिरले, टीव्हीवर रात्री उशिरा लागले. मधल्या काळात पोटासाठी दुसऱ्यांच्या फिल्म एडिट करते. आता कोपनहेगनमधल्या एका मोठ्या स्टुडिओनं मला माहितीपट विभागाची प्रमुख म्हणून बोलावलंय. एवढा पगार मी आजवर पाहिलेला नाही. आई म्हणते, देवानं ऐकलं, आता डोळे झाकून सही कर. बरोबरीचे लोक म्हणतात, गेली हीपण पलीकडे. एका जवळच्या मैत्रिणीनं अभिनंदन करायच्या ऐवजी ‘म्हणजे आता तुझ्याकडे प्रस्ताव पाठवायचे का?’ असं विचारलं आणि त्यानंतर फोनच केला नाही. माझी तिसरी फिल्म अर्धी झालीय. जटलंडच्या किनाऱ्यावर थोरुपस्ट्रँड नावाचं गाव आहे, तिथल्या मच्छीमारांवर. त्यातले एक आजोबा थकलेत, या हिवाळ्यानंतर बोटीवर जाणार नाही म्हणतात. स्टुडिओवाले म्हणाले, ती फिल्म आमच्याकडेच घेऊन या, आपण पूर्ण करू. मी खुर्चीत बसले तर माझ्यातली दिग्दर्शिका संपेल का? आणि मैत्रिणीला काय सांगू?

एक वाचक, कोपनहेगन

उत्तर:

प्रिय मैत्रीण,

आधी उत्तर देते, कारणं मागून. नोकरी घ्या. मात्र जशी पुढे केलीय तशी घेऊ नका. तिला मुदत घालून घ्या आणि थोरुपस्ट्रँडची फिल्म त्या इमारतीच्या बाहेर ठेवा.

‘दिग्दर्शिका संपेल का’ हा प्रश्न तुम्ही ज्या देशात बसून विचारताय, तिथे तो शंभरेक वर्षांपूर्वीच विचारून झालाय, आणि त्याची उत्तरंही एकापेक्षा जास्त मिळालीत. म्हणून इथली नव्हे, तिथलीच माणसं तुमच्यासमोर ठेवते.

सुरुवात ओले ओल्सेनपासून. कोपनहेगनच्या व्हॅल्बी भागातल्या नॉर्डिस्क स्टुडिओवरून तुम्ही कितीदा तरी गेला असाल; पृथ्वीच्या गोलावर उभं असलेलं पांढरं अस्वल ज्यांच्या प्रत्येक चित्रपटाआधी दिसतं, तो स्टुडिओ. ओल्सेन गरिबाघरचा, मुळात जत्रांमधून खेळ लावणारा माणूस. १९०५ मध्ये त्यानं कोपनहेगनमध्ये चित्रपटगृह उघडलं. दाखवायला पुरेशा फिल्म मिळेनात, म्हणून स्वतःच चित्रण सुरू केलं. सुरुवातीला कबुतरं, समुद्रपक्षी असल्या डोळ्यांसमोरच्या गोष्टी. १९०६ मध्ये कंपनी स्थापन झाली. म्हणजे तुमच्या क्षेत्रातलं काम आणि स्टुडिओची खुर्ची, दोन्ही एकाच माणसाच्या वाट्याला आलं.

पुढच्याच वर्षी त्यानं ‘ल्योवेयाग्टेन’, म्हणजे सिंहांची शिकार, ही फिल्म काढली. हाम्बुर्गचे जनावरांचे व्यापारी हागेनबेक यांच्याकडून दोन म्हातारे सिंह विकत आणले. रोस्किल्ड फ्योर्डमधल्या एलेओर या चिमुकल्या बेटावर त्यांना सोडलं. शिकारी म्हणून स्वतः दिग्दर्शक व्हिगो लार्सन उभा राहिला, कॅमेरा आक्सेल ग्राटकेअर सोरेन्सनकडे. जंगल दाखवायला प्राणिसंग्रहालयातल्या जनावरांची चित्रं मध्ये जोडली. आणि ते दोन सिंह कॅमेऱ्यासमोर खरोखर गोळ्या घालून मारले. न्यायमंत्री अल्बर्टीनं बंदी घातली, ओल्सेनचा चित्रपटगृहाचा परवाना गेला. तरी फिल्म देशाबाहेर गेली, स्वीडनमध्ये आधी लागली आणि तिच्या २५९ प्रती विकल्या गेल्या. त्या काळात हा आकडा प्रचंड होता. कंपनी या फिल्मनं पायावर उभी राहिली असं म्हटलं तरी चालेल. (तो अल्बर्टी पुढच्याच वर्षी लाखो क्रोनरच्या अफरातफरीची कबुली द्यायला स्वतः पोलिसांकडे गेला आणि मग फिल्म डेन्मार्कमध्येही लागली.)

मी ही फिल्म पाहिलीय, आणि मला ती बघवत नाही. बेटावर कुठे जायला जागाच नसलेलं ते जनावर पाण्याच्या कडेला येतं, कॅमेरा शांतपणे चालू असतो, आणि आपल्याला ठाऊक असतं की आता काय होणार. पण मला त्यातून तुमच्यासाठी जे घ्यायचंय ते असं: ओल्सेनकडे पैशाची पेटी होती, चित्रण त्याच्या शब्दावर होत होतं आणि पडदाही त्याचाच. त्या बेटावर ‘नको’ म्हणू शकेल असं कुणी उरलंच नव्हतं. खुर्चीत बसणाऱ्यानं आधी हे बघावं की आपल्याला ‘नको’ म्हणायची मुभा कुणाला आहे, आणि आपल्याला ती आहे का. मुलाखतीत बोनस, गाडी, फोन हे सगळं विचारलं जातं. हे कुणी विचारत नाही. तुम्ही विचारा: अर्ध्यात आलेली एखादी फिल्म चुकीच्या दिशेला चाललीय असं मला वाटलं, तर ती थांबवायचा अधिकार माझा की विक्री विभागाचा? आणि मी चुकतेय असं माझ्या निर्मात्यांना वाटलं, तर त्यांनी कुणाकडे जायचं? नीट उत्तर मिळालं नाही तर खुर्ची रिकामी राहिलेली बरी.

आता दुसरा माणूस. नामवंत डॅनिश दिग्दर्शक कार्ल ड्रायर. त्याच्या मोठ्या चित्रपटांबद्दल तुम्हाला मी काय सांगणार? पण त्याच्या नोकऱ्यांबद्दल फारसं कुणी बोलत नाही. विशीत तो याच नॉर्डिस्कमध्ये टेबलाशी बसून दुसऱ्यांच्या पटकथा वाचायचा, मूकपटांतल्या पाट्यांचा मजकूर लिहायचा, काय घ्यावं काय टाकावं ते ठरवायचा. स्वतःचा पहिला चित्रपट त्यानंतर, १९१९ मध्ये. पुढे पन्नाशी उलटल्यावर, जगात नाव झालेलं असताना, चित्रपटाला पैसे मिळेनात म्हणून त्यानं सरकारी संस्थांसाठी लघुमाहितीपट केले: खेड्यातली चर्चेस, शिल्पकार थोरवाल्डसेन, एक लांबलचक पूल. रस्त्यावरच्या सुरक्षिततेसाठी केलेली १९४८ ची ती फिल्म तुम्हाला शाळेत दाखवली असेलच. आसेन्सला उतरलेलं एक जोडपं मोटरसायकलवरून फ्यून बेट आडवं कापत न्यूबोर्गची बोट गाठायला निघतं. स्पीडोमीटरचा काटा, वाऱ्यानं ताणलेले चेहरे, पुन्हा काटा. दहा-बारा मिनिटांची, वर सरकारी काम, आणि तरी त्यातलं एकही चित्र उरकल्यासारखं वाटत नाही. पोटासाठी केलेलं काम कसं करावं याचा तो वस्तुपाठ आहे.

१९५२ मध्ये त्याला कोपनहेगनच्या डाग्मार चित्रपटगृहाचा परवाना मिळाला. तेव्हा डेन्मार्कमध्ये चित्रपटगृह चालवायला सरकारी परवाना लागायचा आणि तो मान्यवर कलावंतांना देण्याची पद्धत होती. जणू काही पेन्शनच. १९६८ मध्ये जाईपर्यंत ड्रायर त्या थिएटरचा व्यवस्थापक होता. खेळ कुठला लावायचा, किती आठवडे ठेवायचा, हिशेब काय झाला, हे त्याचं रोजचं काम. आणि याच काळात त्यानं १९५५ मध्ये व्हेनिसला सुवर्णसिंह मिळवणारा चित्रपट केला.

खुर्चीनं दिग्दर्शक मरतो असं म्हणणाऱ्यांसमोर हे ठेवावं. मात्र मी तुमच्यापासून दुसरी बाजू लपवणार नाही. त्यानंतरचा चित्रपट १९६४ मध्ये आला, मध्ये नऊ वर्षं गेली. येशूवरचा चित्रपट आयुष्यभर मनात घोळवला, तो झालाच नाही. थिएटरनं त्याला स्थिर मिळकत दिली, चार चांगले दिवस दिले. चित्रपट दिले नाहीत. ते त्याला स्वतःच, वेळ काढून, भांडून करावे लागले. पगार तुमच्या खात्यात दर महिन्याला येईल. फिल्मचे दिवस कुणी आणून देणार नाही.

म्हणून मुदत. ही कल्पना माझी नाही, तुमच्याच देशाची आहे, आणि मला ती फार आवडते. १९७२ च्या चित्रपट कायद्यानं डॅनिश फिल्म इन्स्टिट्यूट उभी राहिली आणि त्याबरोबर सल्लागारांची पद्धत आली. कुठल्या फिल्मला अनुदान द्यावं हे समितीत हात वर करून ठरत नाही. एक माणूस प्रस्ताव वाचतो, दिग्दर्शकाला भेटतो, आणि स्वतःच्या नावावर शिफारस करतो. हे सल्लागार बहुतेक वेळा याच धंद्यातले असतात, दिग्दर्शक, निर्माते, संकलक. आणि त्यांची नेमणूक ठरावीक मुदतीची असते. मुदत संपली की दुसरा येतो आणि आधीचा परत आपल्या कामाला लागतो. इन्स्टिट्यूटच्या गोथर्सगेडवरच्या फिल्महाउसमध्ये काल ज्याच्यासमोर तुम्ही धडधडत्या छातीनं बसला होता, तो पुढे कधी तरी खालच्या कॅफेत स्वतःचा प्रस्ताव हातात घेऊन दुसऱ्या कुणाची वाट बघत बसलेला दिसू शकतो. यात मला फार मोठं शहाणपण दिसतं. आपण परत रांगेत उभं राहणार आहोत हे ज्याला पक्कं ठाऊक असतं, तो रांगेतल्या माणसांशी वेगळं वागतो.

तुमचा स्टुडिओ खासगी आहे, त्यांच्यावर असलं बंधन नाही. पण तुम्ही मागू शकता. तीन वर्षांचा करार मागा, आणि अखेरीला दोन्ही बाजूंनी बसून ठरवायचं असं लिहून घ्या. ‘कायमची नोकरी’ ऐकून आईला बरं वाटेल हे खरं. पण तीन वर्षांनी तुम्ही स्वतःहून पुढे चालू ठेवलं तर ते आजच्या डोळे झाकून केलेल्या सहीपेक्षा कितीतरी चांगलं असेल.

आणि आता करारपत्राकडे या, कारण इथे भावना बाजूला ठेवून चष्मा लावायला हवा.

पहिली गोष्ट, तुम्हाला तिथल्या पगारी कर्मचाऱ्यांच्या कायद्याखाली, म्हणजे फुंक्सियोनेर कायद्याखाली, घेताहेत की वरिष्ठ संचालकाचा वेगळा करार देताहेत ते विचारा. पदाचं नाव भारदस्त असलं की कधी कधी दुसरा प्रकार पुढे केला जातो आणि मग त्या कायद्याचं संरक्षण गळून पडतं. कायद्याखाली असाल तर पहिले सहा महिने झाल्यावर मालकाला तुम्हाला किमान तीन महिन्यांची नोटीस द्यावी लागते, तुम्ही मात्र एक महिन्याच्या नोटिशीवर निघू शकता. त्याच कायद्याचं १५ वं कलम सांगतं की नोकरीच्या कामाला अडचण होणार नसेल तर बाहेरचं काम घ्यायला मालकाची परवानगी लागत नाही. वाचायला छान आहे. पण तुमच्या बाबतीत त्यावर विसंबून राहू नका. माहितीपट विभागाची प्रमुख बाहेर माहितीपटच करतेय म्हटल्यावर ‘अडचण’ या शब्दाचा अर्थ कसाही लावता येईल. म्हणून थोरुपस्ट्रँडच्या फिल्मचं नाव घालून, आजवरचं सगळं चित्रण आणि पुढचं चित्रण माझं, त्यावर कंपनीचा हक्क नाही, असं एक परिशिष्ट जोडा. नोकरीच्या कामाचा भाग म्हणून केलेल्या गोष्टींचे हक्क मालकाकडे जातात, तेव्हा ही रेघ सहीच्या आधी ओढायची असते. डॅनिश दिग्दर्शकांच्या संघटनेच्या सदस्य असाल तर त्यांच्या वकिलाला कागद दाखवा. नसाल तर या आठवड्यात सदस्य व्हा.

‘फिल्म आमच्याकडेच आणा’ हे ते प्रेमानं म्हणाले असतील, मी शंका घेत नाही. पण विचार करा. सोमवारी तुम्ही विभागाच्या पैशाची वाटणी करणार, आठ जणांच्या फिल्म त्या पैशाकडे डोळे लावून बसलेल्या, आणि त्यात नववी तुमची. तुम्ही कितीही प्रामाणिक असा, त्या आठ जणांना तुमच्या प्रत्येक ‘नाही’मागे नववी फिल्म दिसेल. आणि तुमची स्वतःची अवस्था त्याहून वाईट होईल: लाजेकाजेस्तव आपल्याच फिल्मला सगळ्यांत कमी द्याल. बाहेरचा निर्माता शोधा. डेन्मार्कमध्ये त्यांचा तुटवडा नाही.

एव्हा मुल्वाद, पर्निल रोझे ग्रोन्केअर, मिकाला क्रोग आणि फी आम्बो या दिग्दर्शिकांनी निर्माती सिग्रिड ड्यूकेअरबरोबर स्वतःची कंपनी काढली, ‘डॅनिश डॉक्युमेंटरी’, हे तुम्हाला माहीत आहेच. दिग्दर्शक एक तर कुणाच्या दारात उभा राहतो नाहीतर दार सोडून आत जाऊन बसतो, एवढे दोनच रस्ते आहेत असं आपण धरून चालतो. या बायकांनी दारच आपल्या मालकीचं केलं. पुढेमागे तुम्हाला हा रस्ता धरायचा असेल, तर स्टुडिओतली तीन वर्षं हे त्यासाठीचं उत्तम शिक्षण आहे. एका तासाच्या फिल्मसाठी इन्स्टिट्यूट, एखादी टीव्ही वाहिनी, ऑस्लोचा नॉर्डिक फंड, दोन परदेशी भागीदार असे तुकडे कसे जुळवतात, त्यातला प्रत्येक जण काय मागतो, आणि कुठल्या मागणीला हसून मान डोलवून विसरून जायचं, हे दिग्दर्शकाला बाहेरून कधीच दिसत नाही. ते आतून बघा. वहीत लिहून ठेवा.

आणि तुमचे थोरुपस्ट्रँडचे लोक? २००७ मध्ये मासेमारीचे कोटे, म्हणजे ठरावीक मासे धरायचे हक्क, वैयक्तिक आणि विकता येण्यासारखे झाले तेव्हा कितीतरी बंदरांत लोकांनी ते मोठ्या मालकांना विकून टाकले आणि बोटी गेल्या. थोरुपस्ट्रँडच्या वीसेक कुटुंबांनी मंडळी जमवून, कर्ज काढून, कोटे एकत्र विकत घेतले. म्हणून आजही तिथे लाकडी बोटी वाळूवर ओढल्या जातात. ही गोष्ट तुम्ही चित्रित करताय. ज्या फिल्ममध्ये माणसं आपला हक्क विकायला नकार देतात, त्या फिल्मचे हक्क नोकरीच्या सहीबरोबर आपोआप जाऊ देऊ नका. मला वाटतं हे तुम्हालाही आतून ठाऊक आहे. तुमच्या पत्रात पगारावर एक वाक्य आहे आणि लोकांच्या बोलण्यावर चार-पाच. पण जिथे ते आजोबा येतात तिथे तुमची लेखणी एकदम सावध होते. काळजीनं जपून बोलावं तशी.

खुर्चीत बसल्यावरचं एक सांगते, कारण त्याची कुणी ताकीद देत नाही. तुम्ही संकलक आहात, हात शिवशिवणार. एखादी तरुण मुलगी तिचा रफ कट घेऊन येईल, अंधाऱ्या खोलीत ऐंशी मिनिटं चालेल, दिवे लागतील, सगळे तुमच्याकडे बघतील. तुम्हाला लगेच दिसलेलं असेल की सातव्या मिनिटाचा प्रसंग शेवटी न्यायला हवा. ते तेव्हा बोलू नका. तिला विचारा, तू कशासाठी ही फिल्म सुरू केलीस, आणि ते आत्ता यात कुठे आहे? तुमचं उत्तर बरोबर असलं तरी तिचं तिला सापडू द्या. नाहीतर तीन वर्षांत विभागातून निघालेली प्रत्येक फिल्म तुमच्या हाताची वाटेल, आणि तुमची स्वतःची मात्र एकही झालेली नसेल. दिग्दर्शक खुर्चीत संपतो तो बहुधा असा, दुसऱ्यांच्या फिल्ममध्ये थोडा थोडा खर्च होऊन.

उलट, खुर्चीतून काय करता येतं याचंही उदाहरण तुमच्या शेजारीच आहे. मेटे हॉफमन मेयर यांनी डॅनिश टीव्हीवर माहितीपट विभाग सांभाळला. लोकशाहीवरच्या दहा माहितीपटांची जी मालिका २००७ मध्ये जगभरच्या वाहिन्यांवर एकाच सुमारास लागली, ती घडवणाऱ्यांत त्या होत्या. त्यातल्या एका फिल्मला पुढे ऑस्कर मिळालं, आणि गांधींच्या शोधात निघालेली ललित वाचानींची फिल्मही त्याच दहांत होती. कुठल्या एकट्या दिग्दर्शकाच्या हातून हे झालं नसतं. अशी एखादी गोष्ट करायची इच्छा तुमच्या मनात असेल तर ती पहिल्या दिवशीच स्टुडिओला सांगा. नुसते प्रस्ताव निवडायला बसलात तर लवकर कंटाळाल.

या हिवाळ्याचं काय? रुजू व्हायची तारीख पुढे ढकला. हे अजिबात अवघड नसतं. ज्यांना तुम्ही हव्या आहात ते दोन महिने थांबतात. थांबत नसतील तर पहिल्याच वर्षात आठवड्यांच्या तुकड्यांत बिनपगारी रजा मागा, तिथे त्याला ‘ओर्लोव’ म्हणतात आणि ती मागणं कुणाला गैर वाटत नाही. तारखा करारातच घाला. आजोबा समुद्रावर जायचे थांबले की तुमचं चित्रण थांबणार, मग कितीही पगार झाला तरी तो हिवाळा विकत आणता येणार नाही.

आईला फोनवर एवढंच सांगा की नोकरी घेतेय आणि पगार चांगला आहे. मुदतीचं सावकाश, पुढच्या भेटीत.

आणि मैत्रीण. तिचा प्रश्न टोचला, पण तो खरा आहे: उद्या तिचा प्रस्ताव तुमच्या टेबलावर येऊ शकतो. बहुधा ती रागावलेली नसावी, घाबरलीय. आजवर दोघी एकाच बाकावर होतात. तुम्हीच फोन करा आणि स्पष्ट सांगा की तुझी फिल्म आली तर मी त्या बैठकीतून उठेन, दुसरं कुणी तरी बघेल, आणि हे मी कंपनीला सहीच्या आधीच लिहून दिलंय. सरकारी सल्लागारांनाही ओळखीच्या माणसाच्या फाईलपासून दूर राहावं लागतं. तुम्ही तोच नियम स्वतःला लावताय. मग तिला विचारा, जानेवारीत माझ्याबरोबर थोरुपस्ट्रँडला येशील का, मला साउंडला माणूस हवंय.